वारेपाड्याचा घुमारा

मित्रांनो, मी जुना घुमारा आहे. हे नाव तुम्ही कदाचित ऐकले नसेल, आणि त्यात तुमची काही चूक नाही. माझ्यासारखा दुसरा कुठे असल्याचे मीही ऐकलेले नाही. खोडाळ्याच्या वर, जिथे डांबरी रस्ता संपून पायवाट डोंगराच्या अंगाने चढू लागते, तिथे वारेपाडा नावाची वस्ती आहे. त्या वस्तीच्या माथ्यावर एक मोकळे टेप, म्हणजे लहानसे टेकाड आहे. तिथे मी उभा आहे. ऐनाच्या लाकडाचा उंच खांब, त्याला आडव्या बांधलेल्या बांबूच्या काठ्या, आणि काठ्यांना टांगलेले वाळके दुधी भोपळे. दिसायला एवढेच. दुरून पाहणाऱ्याला मी बुजगावणे वाटतो. एकदा एक कावळा फसला होता, पण तो लगेच सावरला आणि माझ्याच खांद्यावर येऊन बसला.

आपली गोष्ट सांगायची तर आपण कोणीतरी आहोत अशी खात्री लागते. मला ती कधीच नव्हती. वारा आला की मी घुमतो, वारा थांबला की गप्प होतो. मग घुमतो तो मी, की वारा? इतक्या वर्षांत मला याचे उत्तर मिळालेले नाही. तरीही आज सांगून टाकतो, कारण थोड्याच दिवसांत पावसाळा लागेल आणि माझे भोपळे उतरवले जातील. मग दिवाळीपर्यंत मी नुसता खांब. खांबाला काय सांगता येणार?

मला जिवाने घडवले. जिवा तारपा बनवायचा. भोपळा, बांबू, ताडाचे पान आणि मधमाश्यांचे मेण एवढ्यातून तो असे वाद्य करी की नाचणाऱ्यांचे पाय थांबत नसत. त्या काळात पाड्यातली माणसे दिवाळीनंतर वीटभट्टीच्या कामाला जाऊ लागली होती. आमच्याकडची घरे विखुरलेली. एकाच्या अंगणातून दुसऱ्याचे छप्परही सहसा दिसत नाही. एका सकाळी जिवा नव्या तांदळाचा भात पानात बांधून आपल्या मित्राच्या घरी निघाला. ओहोळ ओलांडून, चढ चढून तो पोचला आणि अंगणातूनच मोठमोठ्याने हाका मारू लागला. बराच वेळ हाका मारल्यावर त्याचे लक्ष दाराकडे गेले. दाराला दोरी बांधलेली होती. मित्र बायकोमुलांना घेऊन कधीच भट्टीवर गेला होता.

"बंद घराला हाका मारत बसलो," परत आल्यावर जिवा सखीला, म्हणजे आपल्या बायकोला म्हणाला.

"मग? घराने ओ दिली?" सखीने विचारले.

"हसतेस काय! मला लाज वाटली. माणूस नाय तिथं माणसासारखा बोलत होतो."

ही लाज माझ्या जन्माचे कारण ठरली. जिवाने पाड्यातल्या प्रत्येक घराला सांगितले, आपल्या छपरावर किंवा कुडावर वाढलेला एक भोपळा वाळवून आणा. लोकांनी हसत हसत आणले. गोरख नावाचा शेजारी तेव्हा नवा नवरा होता. त्याची बायको सकू भोपळा पुढे करून म्हणाली, "बघा, आमचा कसा गोरखसारखाच हाय. पोट मोठं, मान बारीक."

"आणि आवाज तुझ्यासारखा येल," गोरख म्हणाला. "दिवसभर!"

जिवाने प्रत्येक भोपळ्याला तोंड पाडले, तोंडात बांबूची नळी बसवली, नळीत ताडाच्या पानाची बारीक जीभ अडकवली आणि सगळे जोड मेणाने बंद केले. मग ते भोपळे माझ्या अंगावर चढवले. वारा दरीतून वर आला, आणि मी पहिल्यांदा घुमलो.

आता मी जे सांगणार आहे त्यावर तुमचा विश्वास बसेल की नाही, मला शंका आहे. प्रत्येक भोपळ्याचा आवाज ज्याच्या त्याच्या घरासारखा निघाला. गोरखचा भोपळा खरोखरच हसल्यासारखा खळखळला. एका भांडकुदळ घराचा भोपळा खरखरला. एका घरात तान्हे मूल होते, तिथला भोपळा अगदी हळू गुणगुणला, जणू कोणी निजले आहे. लोकांनी जिवाकडे पाहिले. जिवा हात झटकत म्हणाला, "मी नुसती भोकं पाडलीत. बाकीचं मला नका विचारू."

मलाही विचारू नका. मला ठाऊक नाही.

जिवाने नियम मात्र सोपा केला. सगळे घर कामासाठी पाडा सोडून निघाले, की जाताना त्यांनी आपल्या भोपळ्याच्या तोंडाला पळसाच्या पानाचे बूच मारायचे आणि वर मेण लावायचे. परत आले की डोक्यावरचे बोचके घरात टेकवण्याआधी टेपावर यायचे आणि आपल्या हाताने बूच काढायचे. दुसऱ्याच्या भोपळ्याला कोणी हात लावायचा नाही. एवढेच. मग ज्याला ज्याच्या घरी जायचे असेल, त्याने आधी कान द्यावा. त्या घराचा आवाज असेल तर जावे, नसेल तर जाऊ नये.

असे माझे कामाचे दिवस सुरू झाले. दिवाळीला मी भरलेला असे. मग एकेक आवाज कमी होत जाई आणि थंडीत मी दोन-तीन म्हाताऱ्या घरांपुरता उरे. शिमग्याला माणसे सणासाठी परतत, तेव्हा सकाळपासून एकेक बूच निघे. सण आटोपला की पुन्हा गप्प, आणि पेरणीच्या तोंडावर पुन्हा सगळे. पावसाआधी प्रत्येकजण आपला भोपळा उतरवून घरी नेई आणि चुलीवर धुरात टांगून ठेवी. धुराने भोपळा टिकतो, किडत नाही.

पुढे जिवा गेला. त्याचा भोपळा सखीच्या घराचा म्हणून वाजत राहिला, थोडा जाडसर, थोडा दमलेला. त्यांचा मुलगा सावळा मोठा झाला, त्याचे रंजनाशी लग्न झाले आणि आईच्या घराला लागूनच त्याने वेगळे घर बांधले. रंजनाने पहिल्याच वर्षी आपल्या छपरावर वेल चढवला आणि स्वतःचा भोपळा आणून सखीच्या भोपळ्याशेजारी टांगला. त्याचा आवाज किंचित नाकातला होता आणि शेवटी वर चढायचा, काहीतरी विचारल्यासारखा. सखी हसून म्हणाली, "माझा सावळा लहानपणापासून असाच. सांगायचं असतं ते पण विचारतो."

माझे कौतुकही झाले, ते लपवत नाही. जव्हारला पाहुणे म्हणून आलेले एक गृहस्थ आवाज टिपण्याचे यंत्र घेऊन वर चढले. बराच वेळ डोळे मिटून बसले आणि म्हणाले, "हे तर ध्वनिशिल्प आहे." केवढा मोठा शब्द! मी पुष्कळ दिवस तो मनात घोळवला. पण मग मोबाईल आले. पाड्यात रेंज कुठेच येत नाही, येते ती नेमकी माझ्या पायाशी. त्यामुळे लोक मला टेकून उभे राहू लागले आणि माझ्याच आवाजाने वैतागू लागले. गोरख तर भट्टीच्या मुकादमाला ओरडून सांगे, "हॅलो! हां सेठ! नहीं सेठ, बाजा नहीं, भोपला है! भोपला!" मला फार संकोच वाटायचा. पण वाऱ्याला कोण थांबवणार?

आता मुख्य गोष्टीकडे येतो. मघाशीच यायला हवे होते, पण माझे हे असे होते.

काचबिंदूमुळे सखीची नजर हळूहळू गेली. सकू तिला पाणी आणून देई, बाकीचे ती हाताने चाचपून करी. तिचे घर टेपाच्या अगदी खाली आहे. ओट्यावर बसून ती माझ्याकडे कान लावायची. डोळे असताना तिने पाडा जेवढा पाहिला नसेल, तेवढा ती आता ऐकत होती. गेल्या दिवाळीनंतर सावळा आणि रंजना भिवंडीकडच्या भट्टीवर निघाले. बूच मारून सावळा खाली आला आणि आईच्या पाया पडला.

"शिमग्याला येतो आय. बूच काढीन तेव्हा समजून जा."

"मला सांगायला कोणाला पाठवू नको," सखी म्हणाली. "माझं मी ऐकीन."

तिच्या दृष्टीने यात सगळे आले होते. दिवसभर तिला प्रत्येक गोष्ट दुसऱ्याकडून कळायची. पाणी भरले का, ऊन कलले का, आलेला माणूस कोण. मुलगा आल्याचे तरी आपले आपल्याला कळावे, एवढे तिला हवे होते.

शिमगा आला. टेपावर वर्दळ सुरू झाली. एकेक बूच निघे आणि खालून सखीचा आवाज येई, "हां, नितीनचं घर आलं... ही सावित्रीची माणसं." सावळ्याचा भोपळा गप्प होता. होळी पेटली, विझली, तरी गप्पच. गोरखने माझ्या पायाशी उभे राहून फोन लावला. बंद. परत आलेल्यांना विचारले, पण ते दुसऱ्या भट्टीवरचे.  सखी आता जेवतानाही ओट्यावर बसू लागली.

गोरखला हे पाहवेना. एका दुपारी तो वर आला, त्याने इकडे तिकडे बघितले, आणि सावळ्याच्या भोपळ्याचे बूच उपसून काढले.

मी त्याला अडवू शकलो नाही. वारा आला, नाकातला तो आवाज वर चढला. खाली ओट्यावर सखी उठून उभी राहिली. मग तिची लगबग सुरू झाली. तिने चूल पेटवली, नागलीच्या भाकऱ्या थापल्या, उडदाचे कालवण केले. सावळ्याला आवडते म्हणून सुकट भाजली. तो वास टेपापर्यंत आला. मग ती दाराकडे तोंड करून बसली. ऊन उतरले. पाखरे परतली. पायवाटेवर कोणी आले नाही. मी मात्र घुमतच होतो. तोंड उघडे असल्यावर मला दुसरे काय करता येणार होते?

दुसऱ्या दिवशी सकाळी काठी टेकत, सकूच्या खांद्याला धरून सखी वर आली. तिने हाताने भोपळा शोधला. तोंडाच्या कडेला मेणाचे तुकडे होते, ओरबाडल्यासारखे. तिने त्यावरून बोट फिरवले.

"हा सावळ्याचा हात नाय," ती म्हणाली. "सकू, कोणी काढलं गं बूच?"

सकूने मागे वळून पाहिले. मागून गोरखच पुढे आला. "मी काढलं, डोसे." डोसी म्हणजे आमच्याकडे म्हातारी.

"का रं?"

"तू दिवसभर कान लावून बसायचीस. मला बघवलं नाय."

सखीने बोटाला लागलेले मेण पुसले. मग म्हणाली, "तुला बघवलं नाय ते खरं, बाबा. पण मला दिसतच नाय. मला ऐकू येतं तेवढंच माझं होतं."

गोरख खाली मान घालून उभा राहिला. सखीच पुन्हा बोलली, "चल आता. सावळ्यासाठी केलेल्या भाकऱ्या तशाच हायेत. त्या तू खायच्या. एक पण ठेवायची नाय."

"कालच्या?" गोरखने घाबरत विचारले.

"मग काय, तुझ्यासाठी नव्या थापू?"

सकू फिसकन हसली. गोरखने त्या सगळ्या भाकऱ्या खाल्ल्या, असे तिनेच नंतर माझ्या पायाशी फोनवर कोणाला तरी सांगितले. पण बूच पुन्हा मारायला सखी तयार झाली नाही. ज्याचे त्याने मारावे, हा नियम तिच्या नवऱ्याचा होता. गोरखची हात लावायची हिंमत होईना. म्हणून भोपळा उघडाच राहिला.

आणि मग पाड्याला एक सवय लागली. सण आटोपून माणसे पुन्हा भट्टीवर निघाली, तेव्हा कोणीतरी म्हणाले, "आमचा पण राहू दे वाजत. डोसीला सोबत होईल." दुसरा म्हणाला, "घर गप्प नको वाटतं. वाजू दे." कोणीच बूच मारले नाही. सगळ्यांचे मन चांगले होते, म्हणून मला कोणाला दोष देता येत नाही. पण या उन्हाळ्यात वारेपाड्यात मोजकी माणसे होती आणि मी मात्र दिवाळीसारखा भरून घुमत होतो. दोऱ्या बांधलेल्या दारांची घरे हसत होती, भांडत होती, बाळाला निजवत होती. मी इतका मोठ्याने कधी वाजलो नव्हतो, आणि माझे इतके थोडे कधी कोणी ऐकले नव्हते. लोक माझ्या काठ्यांवर गोधड्या वाळत घालू लागले. एक शेळी माझ्या खांबाला कायमची बांधली गेली. त्याचे मला वाईट वाटले नाही. शेळी स्वभावाने बरी होती. वाईट वाटले ते सखीचे. तिने बसायची जागा बदलली. ओटा सोडून ती आत चुलीपाशी, माझ्याकडे पाठ करून बसू लागली.

उन्हाळा संपत आला. करवंदे पिकली. एका दुपारी वारा जोरात होता आणि मी आपला घुमत होतो. पायवाटेने दोघे वर आली. पुढे सावळा, डोक्यावर बोचके. मागे रंजना, लंगडत. टेपावर येताच ती दगडावर बसली आणि पाय चोळू लागली. त्यांच्या बोलण्यातून मला सगळे कळले. शिमग्याच्या थोडे आधी विटांची थप्पी तिच्या पायावर कोसळली होती. पाय प्लास्टरमध्ये असताना डोंगर चढणे शक्य नव्हते. त्याच धावपळीत फोन चिखलाच्या खड्ड्यात पडला, आणि सगळे नंबर फोनातच होते.

सावळा माझ्याकडे पाहून थबकला. "अगं, आपला तर वाजतोय!"

"माझ्या भोपळ्याला कोणी हात लावला?" रंजना तडक उठली आणि पाय दुखला म्हणून पुन्हा बसली.

"जाऊ दे ना. आपली मेहनत वाचली. चल, आयला सांगू."

"आलो म्हणून सांगायला गेलास तर तू पाहुणा," रंजना म्हणाली. "ती काय म्हणाली होती? माझं मी ऐकीन. आणि हे तर आपण नसताना पण वाजतंय. तिला कळायचं कसं? आधी बूच लाव."

"वाजतंय त्याला बूच?"

"लाव आणि काढ."

सावळ्याने बोचके न टेकवताच इकडे तिकडे पाहिले. मेण जवळ नव्हते. त्याने आपला तळहातच भोपळ्याच्या तोंडावर घट्ट दाबला. मातीने फाटलेला, गरम हात. इतक्या गोंगाटातून तो एक आवाज नाहीसा झाला.

मित्रांनो, मला वाटले नव्हते की हे कोणाच्या लक्षात येईल. पण खाली सखी सुपात नागली पाखडायला तेवढ्यापुरती अंगणात आली होती. तिचे सूप थांबले. तिने मान वर केली.

सावळ्याने हात काढला, आणि नेमक्या त्याच क्षणी वारा पडला. अगदी पडला. पळसाचे एक पान हलेना. माझे सगळे भोपळे गप्प झाले. सावळा वर बघत राहिला. खाली सखी सूप हातात धरून उभी होती.

"आता काय करू?" सावळा कुजबुजला.

"थांब जरा," रंजना म्हणाली.

मी आयुष्यभर वाऱ्याची पोकळी म्हणून जगलो. स्वतःचे म्हणून मी काही मागितले नव्हते. त्या क्षणी मात्र मला वाटले, आपण घुमावे. एकदाच.

आणि एक भोपळा वाजला. फक्त एक. नाकातला, शेवटी वर चढणारा, काहीतरी विचारल्यासारखा. साऱ्या शांत डोंगरावर तेवढा एकच आवाज होता.

तो माझा होता, असे मी छातीठोकपणे म्हणत नाही. दरीतून एखादी चुकार झुळूक आली असेल. सावळ्याचा श्वासही असेल, तो फार जवळ उभा होता. मला खरेच ठाऊक नाही.

पण खालून आवाज आला, तिथे शंकेला जागा नव्हती. "गोरख्याऽ! अरे गोरख्या, सरपण आण! चूल पेटवायची हाय!"

शेजारच्या अंगणातून गोरख धावत आला. "काय झालं डोसे? कोणाच्या भाकऱ्या?"

"ज्यांच्या त्यांच्या," सखी म्हणाली. "तुला आज नाय मिळायच्या!"

त्यानंतर मी खूप दिवसांनी गप्प झालो, म्हणजे जेवढा गप्प असायला हवा तेवढा. बाहेर असलेल्यांना गोरखने माझ्याच पायाशी उभे राहून एकेकाला फोन केला आणि विचारले, "तुझं बूच मारू का? तू सांगशील तरच मारतो." ज्यांनी हो म्हटले, त्यांची बुचे त्याने मारली. आता पेरणीसाठी माणसे परतू लागली आहेत आणि रोज एखादे बूच निघते. सखी पुन्हा ओट्यावर बसते.

तर मित्रांनो, कधी वारेपाड्याला आलात तर मला रंग लावू नका, माझ्याभोवती कठडा बांधू नका. गोधड्या वाळत घातल्या तरी चालेल. शेळीचीही हरकत नाही. माझी निगा राखायची असेल, तर एवढेच करा. जो घरी नाही, त्याचा भोपळा गप्प राहू द्या. ती शांतता तुम्हाला रिकामी वाटेल, काहीतरी करून ती भरून टाकावी असे वाटेल. पण भरू नका. तिच्याकडे कान लावून कोणीतरी बसलेले असते.